संत्र्याच्या नवतीवर (नव्या कोवळ्या फुटीवर) चांदीसारख्या नागमोडी रेघा, पानं मुरडून राहिली – उपाय सांगा

काटोल_नवीबाग (प्रश्न)

राम राम मंडळी. काटोल तालुक्यात एक एकर नागपुरी संत्रा आहे. जंबेरी लिंबाच्या खुंटावर बांधलेली कलमं, ६ बाय ६ मीटरवर, झाडं दोन वर्षांची. जमीन मध्यम काळी, ठिबक आहे. धुऱ्यावर (बांधावर) कागदी लिंबाची एक ओळ लावली आहे.

मृगाच्या पावसानंतर नवती जोरात निघाली. आता कोवळ्या पानांवर गोगलगाय चालून गेल्यासारख्या चकचकीत पांढऱ्या रेघा दिसून राहिल्या. पानाच्या कडा आत वळतात, पान मुरडतं, मग त्या जागी वाळतं. जुनी गर्द हिरवी पानं मात्र ठणठणीत आहेत. लिंबाच्या ओळीत अशाच पानांवर तपकिरी, खडबडीत ठिपके आले आहेत आणि त्यांच्याभोवती पिवळं कडं आहे.

दुकानातून मिळालेलं इमिडाक्लोप्रिड, सोबत एक पायरेथ्रॉइड आणि टॉनिक असं तिन्ही एकाच टाकीत मिसळून मागच्या आठवड्यात फवारलं. मुरडलेली पानं आहेत तशीच आहेत. आता सांगा जी : औषध बदलावं का? मुरडलेली पानं तोडून टाकावी का? आणि लिंबावरचे ठिपके याच अळीचे की वेगळा रोग?

वरूड_बागाईत

भाऊ, ही पानं पोखरणारी अळी, म्हणजे आपली नागअळी. तरी औषधाकडे वळण्याआधी ओळख पक्की करून घ्या, कारण नवतीवर एकाच वेळी चार-पाच कीडी येतात आणि सगळ्यांनीच पान वाकडं होतं.

रेघ नागमोडी असेल आणि तिच्या मधोमध काळसर बारीक धागा दिसत असेल तर नागअळी. तो धागा म्हणजे अळीची विष्ठा. पान वळलं आहे पण रेघ नाही, शेंड्यात पिवळसर चपटी पिल्लं आहेत आणि त्यांच्या मागे पांढरे मेणचट धागे लोंबतात, तर तो सायला. पानाखाली हिरवा-काळा घोळका आणि हाताला चिकटा लागला तर मावा. मधल्या शिरेच्या दोन्ही बाजूंनी सरळ राखाडी पट्टे असतील तर फुलकिडे. पान कडेपासून कुरतडून नुसता देठ उरला असेल तर ती लिंबावरच्या फुलपाखराची अळी. लहानपणी ती पक्ष्याच्या विष्ठेसारखी दिसते, मोठी झाली की हिरवी. जुलै-ऑगस्टात नागअळी आणि सायला एकाच शेंड्यावर बहुतेक वेळा सोबत सापडतात.

आता कीड काय आहे ते नीट समजून घ्या, कारण उपाय तिच्या वागण्यावरच ठरतो. फायलोक्निस्टिस सिट्रेला हे तिचं शास्त्रीय नाव. स्टेनटन या इंग्रज अभ्यासकाने १८५६ साली कलकत्त्याच्या नमुन्यांवरून तिचं वर्णन केलं, म्हणजे ही आपल्याच भागातली जुनी कीड आहे. पतंग इतका बारीक की पंख पसरले तरी ४-५ मिलिमीटर. रंग चंदेरी पांढरा आणि पुढच्या पंखाच्या टोकाला एक काळा ठिपका. तो संध्याकाळी आणि पहाटे हिंडतो, म्हणून दिवसा बागेत कधी दिसत नाही.

मादी कोवळ्या पानावर, बहुधा खालच्या बाजूने मधल्या शिरेजवळ, एक-एक अंडं घालते. अंडं पाण्याच्या बारीक थेंबासारखं पारदर्शक असतं, १० पट भिंगाशिवाय दिसत नाही. अळी अंड्यातून निघते ती थेट पानाच्या सालीखाली. बाहेर उघड्यावर ती येतच नाही, एका पानावरून दुसऱ्या पानावरही जात नाही. वरच्या पातळ सालीच्या पेशींतला रस पीत पुढे सरकते, साल सुटते, आत हवा शिरते, म्हणून रेघ चांदीसारखी चमकते. वाढ पूर्ण झाली की पानाच्या कडेला येते, रेशमाने कड दुमडते आणि त्या घडीत कोष करते. पावसाळ्याच्या उबदार दमट हवेत अंड्यापासून पतंगापर्यंतचा फेरा साधारण दोन ते तीन आठवड्यांत पूर्ण होतो, थंडीत दीड महिन्यावरही जातो.

यावरून तुमच्या फवारणीचं उत्तर मिळतं. पान मुरडलेलं दिसलं तेव्हा अळी बहुतेक वाढून कडेच्या घडीत गेलेली असते. तिथे ती खात नाही, त्यामुळे पानात शिरलेलं औषध तिच्या पोटात जात नाही. दुसरी गोष्ट, मुरडलेलं पान कोणत्याही औषधाने सरळ होत नाही. म्हणून त्या पानांकडे पाहून औषध लागलं की नाही ते ठरवू नका. फवारणीनंतर उमललेली जी पानं आहेत, ती पाहा. ती स्वच्छ असतील तर औषध लागलं आहे.

भिंग_आणि_बाग

वरच्या माहितीला जोडून, बाग तपासायची रीत सांगतो. एकरात तिरपं चालत २० झाडं घ्या. प्रत्येक झाडाच्या चारही दिशांना एक-एक कोवळा शेंडा धरा आणि शेंड्याकडून पहिली पाच पानं उलटून बघा. ८० शेंडे होतात, अर्ध्या तासाचं काम आहे. नवती चालू असताना आठवड्यातून दोनदा करा.

नुसत्या रेघा मोजू नका, जिवंत अळ्या मोजा. रेघेच्या टोकाला सुईने साल उचला. पिवळसर हिरवी, चपटी, हलणारी अळी म्हणजे जिवंत. काळी पडलेली, वाळलेली, किंवा तिच्याजवळ दुसरीच बारीक अळी किंवा कोष दिसला तर परोपजीवी गांधीलमाशीने काम केलेलं आहे. कडेच्या घडीतून कोषाची रिकामी टरफल अर्धी बाहेर आलेली दिसली तर पतंग उडून गेला. त्या पानावर खर्च करण्यात काही अर्थ नाही.

दोन वर्षांच्या बागेत ८० पैकी ८-१० शेंड्यांवर जिवंत अळी आढळली आणि नवती अजून फुटतच असेल, तर मी फवारणी सांगेन. नवती पक्की होत आली असेल तर इतक्याच अळ्यांवर सांगणार नाही. पान कडक आणि गर्द हिरवं झालं की मादी तिथे अंडं घालत नाही. डोळा फुटल्यापासून पान पक्कं होईपर्यंतचे दोन-तीन आठवडे सांभाळायचे असतात, बाकी काळ ही कीड बागेचं काही बिघडवत नाही.

पिवळे चिकट सापळे या पतंगासाठी लावू नका. ते मावा, पांढरी माशी, सायला यांच्या पाहणीला कामाचे आहेत, नागअळीचा पतंग त्यांवर भरवशाने येत नाही.

मृगबहार

फवारणीचं गणित मी मांडतो.

वेळ : निम्म्या झाडांवर नवती बोटाच्या एका पेराएवढी, म्हणजे दोन-तीन सेंटीमीटर झाली की पहिली फवारणी. रेघा दिसायची वाट पाहायची नाही. नवती एकसारखी नसेल तर १०-१२ दिवसांनी दुसरी.

औषध : पहिल्या फवारणीला इमिडाक्लोप्रिड १७.८ एसएल, १० लिटर पाण्याला ५ मिली. १६ लिटरच्या बॅटरी पंपाला ८ मिली. त्याऐवजी थायामेथोक्झाम २५ डब्ल्यूजी, १० लिटरला ३ ग्रॅम. दोन्ही पानात शिरतात, म्हणून सालीखालच्या अळीपर्यंत पोचतात, आणि सायलावरही चालतात. पण ही दोन्ही एकाच गटातली आहेत. आधी इमिडा आणि मग थायामेथोक्झाम मारलं म्हणजे औषध बदललं, असं पुष्कळ जण समजतात. किडीच्या दृष्टीने ते एकच औषध दोनदा झालं, आणि प्रतिकारशक्ती अशीच तयार होते. दुसऱ्या वेळी गट बदला : निंबोळी अर्क ५ टक्के, किंवा नोव्हॅल्युरॉन १० ईसी १० लिटरला ५.५ मिली. नोव्हॅल्युरॉन अळीची कात टाकण्याची क्रिया बिघडवतं, पतंगाला मारत नाही, परिणाम दिसायला चार-पाच दिवस लागतात. म्हणून ते लहान अळीवरच वापरायचं. कोणतंही औषध घेताना डब्यावरच्या कागदात संत्रा किंवा लिंबूवर्गीय पीक लिहिलेलं आहे का आणि काढणीआधी किती दिवस थांबायचं ते वाचा.

पाणी : दोन वर्षांच्या झाडाला सव्वा ते दीड लिटर. ६ बाय ६ वर एकरी ११० च्या आसपास झाडं बसतात, म्हणजे एकशेचाळीस ते एकशेसत्तर लिटर, १६ लिटरचे नऊ ते अकरा पंप. इमिडा एकरी ८५ मिलीच्या आत बसतं. त्यापेक्षा जास्त लागत असेल तर एकतर माप चुकतं आहे किंवा पाणी जमिनीवर सांडतं आहे. नोझल हॉलोकोन, बारीक थेंबाचं. शेंड्याच्या खालून वर मारा, कारण अंडी पानाच्या खालच्या बाजूला जास्त असतात. जुन्या पानांवर धार धरण्याची गरज नाही. स्टिकर लेबलवरच्या मापात घाला, नवती तेलकट असते, पाणी घसरून जातं.

पायरेथ्रॉइड यात का नको? ते पानात शिरत नाही, वरच राहतं. सालीखालच्या अळीला काही होत नाही, वरून फिरणाऱ्या गांधीलमाश्या, कीड खाणारे कोळी आणि क्रायसोपा हे मित्रकीटक मात्र मरतात. पुढे कोरड्या दिवसांत लाल कोळी (पानांचा रस शोषणारी बारीक कीड) वाढतो तो त्यामुळेच. टॉनिक तर सध्या अजिबात नको. ज्या कोवळ्या फुटीवर कीड जगते, तीच ते वाढवतं.

हातमोजे, तोंडाला मास्क, पूर्ण बाह्यांचा शर्ट आणि वाऱ्याच्या दिशेनेच फवारणं या गोष्टी सोडू नका. २०१७ च्या पावसाळ्यात यवतमाळ जिल्ह्यात कपाशीवर फवारताना विषबाधा होऊन शेतकरी-मजुरांचे जीव गेले, ते आपल्याच भागातले लोक होते. उंच पिकात, दमट हवेत, चार औषधं मिसळून फवारणं सगळ्यात धोक्याचं असतं.

काटोल_नवीबाग

मोठ्या कामाची माहिती दिली जी. आजच भिंग लावून पाहिलं. फवारणीनंतर निघालेल्या पानांवर रेघा फार कमी आहेत. मग औषध लागलं म्हणायचं. निंबोळी अर्क घरी करायचा म्हटलं तर माप कसं घ्यावं? आणि मुरडलेल्या पानांचं काय करू?

वरूड_बागाईत

पानं तोडू नका. अळी फक्त वरच्या सालीचा रस पिते, आतला हिरवा भाग बराचसा शाबूत राहतो, त्यामुळे अर्धं रेघाळलेलं पानही झाडाला अन्न पुरवतं. दोन वर्षांच्या झाडाला पानांची गरज सगळ्यात जास्त असते. शिवाय शेंडे खुडले की खालचे डोळे फुटतात, नवी कोवळी फूट निघते आणि पतंगाला परत जागा मिळते. खुडून कीड कमी करायला जाल तर दोन आठवड्यांत दुप्पट नवती समोर उभी राहील.

काढायचे ते पानसोट. खोडावरून, जाड फांदीवरून सरळ वर जाणारी रसरशीत फूट आणि जंबेरी खुंटावरची फूट, ही बाराही महिने कोवळी राहते आणि बागेची नवती पक्की झाल्यावर कीड तिथेच टिकून राहते. ती बोटाने मोडता येईल इतकी लहान असतानाच काढा. कात्री लागली तर कापावर बोर्डो मलम (मोरचूद, म्हणजे कॉपर सल्फेट, आणि चुन्याचा लेप) लावा.

निंबोळी अर्काची रीत अशी. उन्हाळ्यात सावलीत वाळवलेल्या निंबोळ्या घ्या, बुरशी लागलेल्या नकोत. ५ किलो निंबोळी जाडसर कुटून ९ लिटर पाण्यात रात्रभर भिजवा. वेगळ्या १ लिटर पाण्यात २०० ग्रॅम साबणचुरा भिजवून ठेवा. सकाळी निंबोळीचं पाणी दुहेरी फडक्यातून पिळून गाळा, नाहीतर नोझल तुंबून दिवस जातो. त्यात साबणाचं पाणी घाला आणि एकूण १०० लिटर करा. हा ५ टक्के अर्क. त्याच दिवशी संपवा. मारायचा संध्याकाळी, कारण उन्हात त्यातलं अझाडिरॅक्टिन लवकर उतरतं. विहिरीचं पाणी खारं असेल तर तेही त्याला मारक आहे. सामू (पीएच) सहा-सातच्या दरम्यान येईल इतकं थोडं लिंबूसत्व घालून घ्या.

अर्कामुळे मादी अंडी घालायचं टाळते आणि लहान अळीची वाढ थांबते. मोठ्या अळीवर तो चालत नाही, म्हणून नवती अगदी लहान असताना मारला तरच पैसे वसूल.

अचलपूर_लिंबू

लिंबावरच्या ठिपक्यांचं सांगते. तो खैऱ्या रोग आहे, जंतूचा, झँथोमोनास नावाच्या. नागअळीने तो होत नाही, पण नागअळी त्याला दार उघडून देते. निरोगी पानात हा जंतू पर्णरंध्रातून किंवा जखमेतून शिरतो. अळीने सोललेल्या रेघेवर वरची साल फाटलेली असते आणि आतल्या पेशी उघड्या पडतात. वाऱ्यासोबत पावसाचे शिंतोडे आले की संपूर्ण रेघेवर ठिपके उठतात. रेघेच्या वाटेनेच ओळीने खैऱ्या दिसत असेल तर हेच कारण. नागपुरी संत्रा खैऱ्याला बराच सहनशील आहे, कागदी लिंबू फार नाजूक. म्हणून एकाच बागेत, एकाच अळीचा त्रास संत्र्यात नुसता मुरडीवर थांबतो आणि लिंबात फळांवर खवडे येईपर्यंत जातो. लिंबू उत्पादकाने नागअळीकडे जास्त लक्ष द्यायचं ते यासाठी.

आता करायचं काय? पाऊस उघडला की कॉपर ऑक्सिक्लोराइड ५० डब्ल्यूपी, १० लिटरला ३० ग्रॅम, आणि पावसाळाभर २०-२५ दिवसांनी परत. खैऱ्याच्या काड्या आता भर पावसात छाटू नका, ओल्या झाडाला हात आणि कात्री लागली की जंतू पुढच्या झाडावर जातो. छाटणी उन्हाळ्यात, पाऊस पडायच्या आधी, आणि काड्या बागेबाहेर नेऊन जाळायच्या. त्यानंतर १ टक्का बोर्डो.

बोर्डोचं माप चुकलं तर नवती करपते, म्हणून लिहून देते. १ किलो मोरचूद ५० लिटर पाण्यात, १ किलो कळीचा चुना दुसऱ्या ५० लिटरमध्ये. मोरचूद आदल्या रात्री फडक्यात बांधून पाण्यात लोंबता ठेवला की सकाळी विरघळलेला असतो. भांडी प्लास्टिकची, लोखंडी नकोत. दोन्ही द्रावणं तिसऱ्या ड्रममध्ये एकाच वेळी ओतत ढवळायची. मग स्वच्छ विळा त्यात मिनिटभर बुडवून काढा. पात्यावर तांबूस थर आला तर मोरचूद जास्त आहे, चुन्याची निवळी वाढवा आणि परत पाहा. त्याच दिवशी वापरा. बोर्डोत कोणतंही कीटकनाशक मिसळू नका, चुन्यामुळे पाणी अल्कधर्मी होतं आणि औषध फुकट जातं. कीटकनाशक आणि बोर्डो यांत आठवडाभराचं अंतर ठेवा.

पन्हेरी_शेंदुरजना

पन्हेरीचं (रोपवाटिकेचं) कोणी बोललं नाही म्हणून लिहितो. नागअळीचं खरं नुकसान पन्हेरीत आणि पहिल्या तीन-चार वर्षांत होतं. जंबेरीच्या रोपाला संत्र्याचा डोळा बांधून कलम करण्याआधी खोड पेन्सिलीएवढं जाड व्हावं लागतं. दोन नवत्या अळीने खाल्ल्या तर ती जाडी वेळेत येत नाही आणि बांधणीचा हंगाम हुकतो. डोळा फुटल्यावर निघालेली एकुलती एक फूट मुरडली तर कलम वाकडं वाढतं. पन्हेरीत फूट सतत चालू असते, म्हणून तिथे दर १०-१२ दिवसांनी पाहणी आणि गरजेनुसार गट बदलून फवारणी, याला पर्याय नाही. साध्या हिरव्या शेडनेटमधून पतंग आरामात आत जातो. थांबवायचा तर ४० मेशची कीटकरोधक जाळी आणि दुहेरी दार लागतं. सायलाही त्याच जाळीने थांबतो, ते आणखी महत्त्वाचं, कारण ग्रीनिंग हा झाड खंगवणारा रोग सायलाच पसरवतो.

कलम विकत घेताना शेंडे उलटून पाहा. रेघा असतील तर कोवळे शेंडे तिथेच कापून, पक्क्या पानांचं कलम घ्या. कोष पानाच्या घडीत असतो आणि गाडीत बसून तालुके ओलांडतो. ही कीड १९९३ मध्ये फ्लोरिडात पहिल्यांदा सापडली आणि वर्षभरात तिथल्या जवळपास सगळ्या लिंबूवर्गीय बागांत पोचली, यावरून तिचा वेग कळतो. कुंतीचं कुंपण किंवा बेलाचं झाड बागेजवळ असेल तर त्याची कोवळी फूटही बघत जा, त्याच कुळातली झाडं आहेत, अळी तिथेही सापडते.

नरखेड_आंबिया

विषयाला धरूनच विचारतो. माझी झाडं १२ वर्षांची आहेत. आंबियाची (जानेवारी-फेब्रुवारीच्या बहाराची) फळं सप्टेंबरात गळतात, फळावर टाचणीएवढं छिद्र आणि भोवती मऊ सडलेलं असतं. हाच पतंग का?

भिंग_आणि_बाग

नाही भाऊ, तो रस शोषणारा पतंग. चांगला मोठा, मागचे पंख नारिंगी, त्यावर काळे पट्टे. त्याची अळी संत्र्यावर वाढत नाही, गुळवेल आणि वासनवेलीवर वाढते. त्याचा पतंग रात्री येऊन सोंडेने फळ भोसकतो. धुऱ्यावरच्या या वेली उपटा, गळलेली फळं रोज उचलून खड्ड्यात पुरा, संध्याकाळी सातनंतर बागेत ओल्या पाल्याचा धूर करा. त्यावर वेगळा धागा काढा, इथे दोन्ही एकत्र केले तर वाचणाऱ्याचा घोळ होईल.

तुमच्या १२ वर्षांच्या झाडांवर नागअळीसाठी फवारू नका. मोठ्या झाडाच्या एकूण पानांत नवती थोडी असते, तिच्यातली काही पानं मुरडली तरी फळावर फरक पडत नाही. उलट तिथे न फवारल्याने गांधीलमाश्या वाढतात आणि शेजारच्या नव्या बागेलाही उपयोगी पडतात. सिट्रोस्टिकस नावाची मिलिमीटरभर गांधीलमाशी सालीखालच्या अळीवर अंडं घालते. क्रायसोपाची अळीही सालीखालच्या नागअळीला मारते.

मृगबहार

खतावरही बोललं पाहिजे, कारण निम्मी नागअळी युरियाच्या गोणीतून येते असं माझं ठाम मत आहे. दोन वर्षांच्या संत्र्याला वर्षाला ३०० ग्रॅम नत्र, १०० ग्रॅम स्फुरद, ५० ग्रॅम पालाश पुरतं. ३०० ग्रॅम नत्र म्हणजे युरिया साधारण ६५० ग्रॅम. हा युरिया जुलैत एकदम टाकला की नवतीचा लोंढा येतो आणि थांबत नाही; एकाच झाडावर कळी, कोवळं पान आणि पक्कं पान तिन्ही दिसतात. अशा झाडावर फवारणीची वेळ साधताच येत नाही. ठिबक आहेच, तर नत्र लहान हप्त्यांत द्या आणि अळी जोरात असताना एखादा हप्ता पुढे ढकला. सगळी झाडं एकाच वेळी फुटली तर एका फवारणीत काम होतं.

काटोल_नवीबाग

शेवटचा प्रश्न. हस्ताची आणि पुढे आंबियाची नवती येईल, तेव्हा हेच सगळं परत करायचं का? आणि फवारणीचं खनिज तेल चालतं असं एकाने सांगितलं, ते खरं का?

वरूड_बागाईत

हस्ताची नवती सप्टेंबर-ऑक्टोबरात येते, तेव्हा अळीचा जोर जुलैइतकाच असू शकतो. पाहणी तीच, मापं तीच. यंदा मृगात इमिडा झालं आहे, म्हणून हस्तात सुरुवात निंबोळी अर्काने करा, गरज पडली तर नोव्हॅल्युरॉन. जानेवारी-फेब्रुवारीची नवती फुलांसोबत निघते. फुलोऱ्यात इमिडा आणि थायामेथोक्झाम दोन्ही बंद ठेवा, मधमाश्या मरतात. तुमच्या झाडांची फुलं तशीही यंदा खुडायची आहेत, पण शेजारच्या बागा फुलांवर असतील आणि माश्या बांध पाहत नाहीत. तेव्हा थंडीमुळे अळीही मंद असते, संध्याकाळचा निंबोळी अर्क पुरतो. एप्रिल-मेच्या ४२-४५ अंशांत ती जवळजवळ दिसत नाही, तेव्हा काहीच करायचं नाही.

खनिज तेल चालतं, पण बागेसाठी बनवलेलं शुद्ध तेलच, गाडीचं नव्हे. ०.५ टक्का, म्हणजे १० लिटरला ५० मिली, नवती लहान असताना. कोवळ्या पानावर तेलाचा थर असला की मादी अंडं घालत नाही. पारा ३५ अंशांच्या वर असताना, झाड पाण्याच्या ताणावर असताना, किंवा मागेपुढे गंधक फवारलेलं असताना तेल मारू नका, पानं करपतात. आधी दोन झाडांवर मारा, तीन-चार दिवस पाहा, मगच ओळीने घ्या. सध्या तुमच्याकडे मृगाची नवती पक्की होत आली आहे आणि नवी पानं स्वच्छ आहेत, तर या आठवड्यात संत्र्यावर काहीच फवारू नका. फक्त लिंबाच्या ओळीवर कॉपर घ्या आणि पानसोट मोडून टाका.